चहाच्या सुट्टीतलं रेकॉर्डिंग

भूतखेत, आत्माबित्मा... असल्या गोष्टींना मी आयुष्यभर हसत आले. आजही कुणी सांगायला लागलं की कपाळाला आठ्या पडतात. त्यामुळे हे लिहिताना स्वतःचाच राग येतोय. पण लिहिते.

मी डॉक्युमेंटरी करते, त्याही दिग्दर्शकांवर. जन्मभर कॅमेऱ्यामागे राहिलेल्या माणसांना कॅमेऱ्यासमोर बसवायचं, हा माझा धंदा. गेल्या फेब्रुवारीत नागावला एका वृद्ध दिग्दर्शकांकडे शूटिंग होतं. नारळाच्या वाडीत घर, पुढे पडवी, तिथेच कॅमेरा लावला होता; स्वयंपाकघर पार मागे. सरांची मुलगी, मीनाताई, अलिबागच्या शाळेतली नोकरी सोडून नऊ वर्षं त्यांचं सगळं करत होत्या.

सरांना कानाच्या मशीनशिवाय ऐकू येत नसे, आणि ते मशीन माइकजवळ शिट्ट्या मारायचं. म्हणून काढून ठेवलं. प्रश्न मी मोठ्या अक्षरांत कागदावर लिहून दाखवत होते. दोन तास सर सिनेमावर भरभरून बोलले. मग कॅमेरा बंद केला आणि मी चहासाठी आत गेले.

चहा गाळता गाळता मीनाताईंनी हळूच विचारलं, "अण्णा माझ्याबद्दल काय बोलले का हो?"

खोटं बोलायला हवं होतं. पण मी पडले फटकळ... "नाही," म्हटलं. त्यांनी कप माझ्या हातात दिले. फार वाईट वाटलं मला.

दहा दिवसांनी सर गेले. मुंबईत फुटेज उघडलं आणि कपाळावर हात मारला. आमच्या धंद्यातली सगळ्यात बावळट चूक — सुरुवातीला बटण दोनदा दाबलं गेलं असणार. म्हणजे मुलाखत चालू होती तेव्हा कॅमेरा बंद, आणि मी 'बंद' केला तेव्हा चालू! हाती काय, तर चहाची सुट्टी.

त्यात सर एकटेच बसलेत. कानाचं मशीन समोर काढलेलंच. मग ते मान वर करतात, माझ्या रिकाम्या खुर्चीकडे बघतात आणि म्हणतात,

"बरं झालं विचारलंस, मीना. तू होतीस म्हणून इतकी वर्षं निघाली. मला बोलता आलं नाही, एवढंच."

अर्ध्या मिनिटात मी चहा घेऊन फ्रेममध्ये येते.

म्हातारी माणसं स्वतःशी बोलतात, मान्य. पण "विचारलंस"? तो प्रश्न मला शेजारी उभं राहून जेमतेम ऐकू आला होता. मी खूप डोकं चालवलं, दोन साउंडवाल्यांना विचारलं. उत्तर आजतागायत मिळालेलं नाही.

लॅपटॉप घेऊन नागावला गेले. मीनाताईंनी तो तुकडा तीनदा पाहिला. खूप रडल्या. मग डोळे पुसून म्हणाल्या, "पण मी तर तुम्हाला विचारलेलं..."

फिल्म मी त्यांच्या जुन्या मुलाखती जोडून केली, पण तो तुकडा त्यात नाही. एवढं माझ्यापाशीच राहू दे, म्हणाल्या. पेनड्राइव्हवर त्यांना दिला आणि माझ्याकडची कॉपी पुसून टाकली. तेव्हा पुरावा मागू नका. माझ्या कॅमेऱ्यात आलेला तो सगळ्यात चांगला शॉट होता... आणि तो मी घेतलाच नव्हता.