न पडलेली नाळ

माझ्या मुलाची नाळ बाराव्या दिवशीही पडली नव्हती, आणि त्याचं आम्ही सगळ्यांनी कौतुक केलं होतं. हे आधीच सांगून टाकते. नंतर लोक मला म्हणाले, तुला कसं कळणार होतं, तू काय डॉक्टर आहेस? खरं आहे. पण कौतुक करण्यात मी सगळ्यांच्या पुढे होते, हेही खरं आहे.

बारसं चिंचवडच्या गावठाणात, आमच्या भाड्याच्या खोलीतच केलं. पाळणा घरमालकीण काकूंनी दिला होता. त्यांनी दुपटं सारून बाळाची बेंबी पाहिली आणि हसल्या. "आजून न्हाई व्हय पडली? आईला सोडवंना त्याला. लई मायाळू निघणार बगा हे पोरगं." खोलीतल्या सगळ्या बायका हसल्या. माझी सासू म्हणाली, "आमच्या घरचं रक्तच तसं. एकदा धरलं की सोडत नाही." मी डोक्याला रुमाल बांधून, कानात कापूस घालून भिंतीला टेकून बसले होते. मला इतकं भरून आलं की विचारू नका.

माझी सासू म्हणजे माझी सख्खी आत्या. आमच्याकडे, सोलापूरच्या पलीकडे, मामाची मुलगी करून घ्यायची पद्धत आहे. आत्याने मला तिच्या मुलासाठी मागितलं तेव्हा मी बारावीत होते, आणि वडिलांनी बहिणीला नाही म्हणायचा प्रश्नच नव्हता. लग्नात जो तो म्हणाला, पोरगी घरातून घरात गेली, नशीब काढलं. मलाही तसंच वाटायचं. सासर आणि माहेर एकच असलं की रुसून जायला दुसरं घर उरत नाही, हे तेव्हा कुणी बोललं नाही. बोललं असतं तरी मी ऐकलं नसतं म्हणा.

बाळ तीन आठवड्यांचं झालं तेव्हा आत्या गावाकडे परत गेली. जाताना तिने नाळेसाठी आणलेली पितळी डबी रिकामीच पिशवीत टाकली. वाळलेली नाळ गावच्या शेतात पुरायची, असा तिचा बेत होता. ह्यांची भोसरीच्या वर्कशॉपमधली शिफ्ट सुरू झाली. चाकणच्या ज्या कंपनीत मी गाड्यांच्या वायरिंगच्या लाइनवर होते, तिथल्या मैत्रिणींचे सुरुवातीला फोन यायचे, मग व्हॉट्सअ‍ॅपवर नुसते अंगठे यायला लागले. सकाळी हे निघाले की संध्याकाळपर्यंत त्या खोलीत मी आणि तो. मी त्याच्याशी मोठमोठ्याने बोलायची. भाजी चिरताना, भांडी घासताना, पाण्याची मोटर कधी सुरू होणार यावर, सगळं त्यालाच सांगायची. दुसरं ऐकतंय कोण?

नाळ पडली ती पाचव्या आठवड्यात. पडली तिथे बेंबीभोवती लाल कडं राहिलं. मी उकळलेल्या पाण्यात कापूस बुडवून रोज पुसायची. कापूस दर वेळी स्वच्छ निघायचा. आत्याला फोनवर सांगितलं तर ती म्हणाली, "पू नाही ना? मग घाबरू नको, आतून भरतंय." काकूंनीही वाकून पाहिलं. "पू न्हाई, पानी न्हाई. चांगलं हाय की." आणि मीही तो पांढरा कापूस ह्यांना दाखवायची, जणू काही मीच पराक्रम केलाय. ते लाल कडं मात्र रोज बोटभर पसरत होतं. पोट तव्यासारखं तापलं, त्याने दूध सोडलं, तेव्हा कुठे आम्ही रिक्षा करून हॉस्पिटल गाठलं. पाच दिवस मी वाट पाहिली होती. त्या पाच दिवसांबद्दल मी स्वतःला माफ केलेलं नाही. कृपा करून कुणी मला करायला सांगूही नका.

हॉस्पिटलात रक्त तपासलं. रिपोर्टमध्ये पांढऱ्या पेशी खूप निघाल्या, असायला हव्यात त्याच्या कितीतरी पट. हे तसे कमी बोलतात, पण त्या दिवशी चेहरा उजळला. म्हणाले, "मॅडम, पांढऱ्या पेशी म्हणजे लढणाऱ्या ना? मग जास्त आहेत तर बरंच आहे की." डॉक्टर मॅडमने त्यांचं बोलणं पूर्ण होऊ दिलं. तिला तोडता आलं असतं, तोडलं नाही. मग तिने आम्हाला बसवलं आणि विचारलं, "तुमचं लग्न नात्यातलं आहे का?"

मी ठसक्यात सांगितलं, "हो, मामाची मुलगी आहे मी." ह्यांनी मात्र मान खाली घातली. त्यांना माझ्या आधी कसला तरी वास आला होता.

पुढच्या आठवड्यात मोठ्या तपासणीचा रिपोर्ट आला आणि मॅडमने कागदावर चित्र काढून समजावलं. दोन रेघा म्हणजे रक्ताची नळी, मधले गोल म्हणजे पांढऱ्या पेशी. अंगात कुठे जंतू शिरले की तिथली नळी आतून खूण करते. पेशी तिथे आल्या की हळू होतात, भिंतीला घासत घरंगळतात, मग घट्ट चिकटतात आणि फटीतून बाहेर पडून जंतूंवर तुटून पडतात. चिकटायला त्यांच्या अंगावर आकड्यासारखं एक प्रथिन असतं, त्याला इंटिग्रिन म्हणतात. एरवी तो आकडा मिटलेला असतो, नाहीतर पेशी जिथे तिथे चिकटून बसतील. गरज पडली की उघडतो. "याच्या पेशींवर तो आकडा जवळजवळ नाहीच," ती म्हणाली.

मी विचारलं, "मग त्या करतात काय?"

"फिरत राहतात. शरीर आणखी पाठवतं, त्याही फिरत राहतात."

मला आमची कंपनीची बस आठवली. माणसांनी खच्चून भरलेली, गेटपाशी हळू होते, पण दारच उघडत नाही आणि तशीच पुढे जाते. आत सगळे तयार, डबा हातात, आणि लाइनवर एक माणूस नाही. पू म्हणजे तरी काय, मॅडम म्हणाली, लढून मेलेल्या पांढऱ्या पेशी. त्या पोचल्याच नाहीत तर पू कुठून होणार? नाळ सुटायलासुद्धा त्याच पेशी लागतात. म्हणजे ज्या तीन गोष्टींवर आम्ही खूश झालो होतो, त्या तिन्ही त्याच्या जिवावर उठलेल्या होत्या. मायाळू म्हणे!

प्रत्येक माणसाकडे ते प्रथिन बनवायच्या कृतीच्या, म्हणजे जनुकाच्या, दोन प्रती असतात. ह्यांची एक बिघडलेली, माझी एक बिघडलेली, बहुतेक आमच्या दोघांच्या एकाच आजोबांकडून आलेली. एक चांगली असली की माणसाला काही होत नाही. आमच्या बाळाला दोन्ही बिघडलेल्या मिळाल्या. उपाय एकच होता: दुसऱ्याची अस्थिमज्जा द्यायची, म्हणजे नव्या पेशी आकड्यासकट तयार होतात. भावंड नव्हतं, तेव्हा बापाची अर्धी जुळणारी चालेल का बघू, पण आधी पोटातला संसर्ग आटोक्यात यायला हवा. तो आटोक्यात आला तर मूल वाचेल. इतकं सरळ होतं ते.

त्या दिवशी मी आत्याला फोन केला. सगळं सांगितलं. ती म्हणाली, "मीच मागितली गं तुला." ती धीर मागत होती, आता कळतं. मी म्हणाले, "होय, तुम्हीच मागितलीत," आणि फोन ठेवला. माझी जीभ पहिल्यापासून अशीच आहे. मग दुसऱ्या दिवशी वडिलांना लावला. ते म्हणाले, "ताईला काही बोलू नकोस, तिने अन्न सोडलंय." हॉस्पिटलच्या जिन्यात बसून मी फोनमधली नावं वर-खाली करत राहिले. ज्यांच्या गळ्यात पडून रडावं, ती सगळी एकाच घरची, आणि त्या घरात मीच आग लावून आले होते. त्या दिवसासारखं एकटं मला त्याआधी कधी वाटलं नव्हतं. आता आत्या दर रविवारी फोन करते, स्वयंपाक काय केला विचारते, मी सांगते. त्यापुढे आम्ही दोघी जात नाही.

बाळाला वेगळ्या खोलीत ठेवलं. आत एका वेळी एकच माणूस, तेही गाऊन, टोपी, मास्क आणि हातमोजे घालून. म्हणजे आम्ही दोघं कधी एकत्र आत नसायचो. हे शिफ्टवरून यायचे, मी बाहेर पडायची, आणि पॅसेजमध्ये उभ्या उभ्या आमचा संसार चालायचा. "ताप?" "शंभर." "दूध?" "निम्मं." आणि हे आत जायचे. मी बाकावर बसून डबा खायची. सोबत बसून एक घास खाल्ल्याचं मला त्या दोन महिन्यांतलं आठवत नाही. भांडायलासुद्धा वेळ मिळाला नाही, नाहीतर मी सोडलं नसतं.

दोन महिने मी त्याला उघड्या हाताने शिवले नाही. त्याला माझे फक्त डोळे माहीत. मी आत गेले की तो डोळ्यांकडे बघून पाय झाडायचा आणि हातमोज्यातलं माझं बोट पकडायचा. केवढी ती ताकद! मला राग यायचा, खोटं कशाला बोलू. मुठीत एवढा जोर देतोस, आणि जिथे हवा तिथे नाही? मॅडम यायची, पोट दाबून बघायची, कधी म्हणायची उतरतंय, कधी नुसती फाइल वाचत उभी राहायची. ह्यांच्या तपासण्या झाल्या, जुळलं. तारीख धरायचं बोलणं सुरू होतं. मी दर वेळी हात धुताना ठरवायची, हे एकदा पार पडलं की त्याला अंगावर घेऊन झोपायचं, आणि दिवसभर उठायचं नाही.

मग संसर्ग रक्तात गेला. तीन दिवस तो मशीनवर होता. चौथ्या दिवशी सकाळी आत जायची पाळी माझी होती. मी नेहमीसारखी आत गेले, त्याच्या कॉटपाशी उभी राहिले. सिस्टर सलाइन बघत होती. माझ्याकडे न बघता म्हणाली, "ताई, हातमोजे काढले तरी चालतील आता."

मी काही वेडी नाही. मला लगेच कळलं. तरी म्हणाले, "नको नको, त्याला काही होईल." माझे हात मी पाठीमागे नेले होते. जोवर ते हातमोजे होते तोवर त्याला काही व्हायचं बाकी होतं.

सिस्टरने माझा हात पुढे घेतला आणि हातमोजे स्वतः ओढून काढले, आधी उजवा, मग डावा. मास्कही उतरवला. मी त्याच्या छातीवर तळवा ठेवला. तो आता माझ्या तळव्याच्या बाहेर चांगला चार बोटं उरत होता. इतका वाढला होता माझा मुलगा, आणि मला पत्ताच नव्हता. मी त्याचे खांदे, कान, पावलं, सगळं हाताने बघत राहिले.

मग दाराशी आवाज झाला म्हणून मी मागे पाहिलं. हे वर्कशॉपमधून तसेच आले होते आणि घाईघाईने गाऊनच्या नाड्या बांधत होते. नाडी काही बांधली जात नव्हती. सिस्टर त्यांना म्हणाली, "राहू द्या दादा, तसेच या. तिघं बसा."