जिन्यावरचा डाग

सासऱ्यांची लाँड्री बंद होऊन बरीच वर्षं झाली, पण डाग दिसला की त्यांचे हात अजून शिवशिवायचे. पाहुण्यांशी बोलतानाही नजर त्यांच्या कॉलरवर. सुनेला याचा वीट आला होता. ती दिवसभर लोकांच्या लग्नांचे व्हिडिओ जोडायची आणि उरल्या वेळात मूकपटांच्या जमान्यातले भुतांचे सिनेमे कापून, त्यांवर आवाज चढवून नवे छोटे सिनेमे करायची. तिचं सुख तेवढंच, आणि तिथेही सासरे मागे उभे. म्हणायचे, केवढं मळकट आहे हे!

शेवटी वैतागून तिने त्यांनाच कामाला लावलं. जुन्या फिल्मवरचे ठिपके, ओरखडे, बुरशी एकेक चित्र थांबवून माउसने पुसायची. चष्मा चढवून ते बसले ते उठेचनात. जेवायला हाका मारून तिचा घसा बसायचा. एकदा ताटावर त्यांनी सांगितलं की जिन्यावरचा डाग भारी चिवट निघाला, पण काढला. तिने नुसतं हं म्हटलं.

हा सिनेमा म्हणजे तिची शेवटची संधी होती. आधीच्या दोन सिनेमांत भूत दिसताच प्रेक्षक खो खो हसले होते. पुन्हा हसले तर यापुढे तिचं काही लावणार नाही, असं सभागृहाच्या व्यवस्थापकबाईंनी बजावलं होतं. मुदत डोक्यावर आली, तेव्हा तिने सुरुवात तेवढी पाहिली. लख्ख होती. दिला पाठवून.

सभागृहात सासरे कडक इस्त्रीत शेजारी बसले. पडद्यावर नायिका जिन्याकडे बघत मागे सरकली, तोंडावर हात घेतला. जिना रिकामा होता. पावलांचा आवाज तेवढा खाली उतरत होता. सुनेच्या लक्षात आलं. पांढरं, आरपार दिसणारं तिचं भूत म्हाताऱ्याने डाग समजून प्रत्येक चित्रातून पुसून टाकलं होतं. त्यांचा चष्मा काढून भिरकावून द्यावा असं तिला वाटलं.

आता हसतील म्हणून ती अंग चोरून बसली. कोणी हसलं नाही. पुढच्या रांगेतल्या बाईने पाय खुर्चीवर घेतले. दिवे लागल्यावरही लोक जिन्याकडच्या दाराने जाईनात. व्यवस्थापकबाई येऊन पुढचा सिनेमा मागून गेल्या. इतके दिवस जिवापाड जपलेल्या भुताची कोणी चौकशीसुद्धा केली नाही, याचाच तिला जास्त राग आला.

बाहेर सासऱ्यांनी विचारलं, "ती बाई घाबरली कशाला गं? तिथे तर काहीच नव्हतं."

"होतं, बाबा. तुम्ही धुऊन काढलंत."

ते थबकले. मग मागे वळून बघत त्यांनी तिची बाही घट्ट धरली.

"मग ते गेलं कुठे?"