सगुणेचं मरण

महानंदाबाईंनी आयुष्यात एकच पुस्तक आपली शिस्त मोडून लिहिलं, आणि लोकांनी नेमकं तेच खरं धरलं.

तशा त्या मुलांसाठी इतिहासातल्या गोष्टी लिहिणाऱ्या. बनशंकरीतल्या घरी, स्वयंपाकघरातल्या टेबलावर, कुकरच्या शिट्ट्या मोजत त्यांनी एकवीस वर्षांत चौदा पुस्तकं लिहिली. बंगळुरात बसून मराठीत, तेही मुलांसाठी! भाऊबंद चिडवायचे, "अक्का, इथली पोरं कन्नड मिसळून 'स्वल्प सरका' म्हणतात. ती तुमचं वाचणार कधी?" पुस्तकं पुण्यात छापली जायची आणि सांगली-कोल्हापूरकडे वाचली जायची. पण बाईंचा हट्ट दांडगा. त्यांच्या सासरचं घराणं शहाजीराजांच्या फौजेबरोबर इकडे आलेलं. घरात मराठी आणि दारात कन्नड बोलत साडेतीनशे वर्षं काढलेली ही माणसं एकाही पुस्तकात नाहीत, याचा त्यांना राग होता. तो राग मला तरी रास्त वाटतो.

कामात बाई भलत्याच कडक. चित्रकारानं एका शिपायाच्या ताटात बटाट्याची भाजी काढली, तर त्यांनी अख्खं चित्र परत काढायला लावलं. तेव्हा बटाटा कुठला होता? प्रत्येक पुस्तकाच्या शेवटी त्यांचं एक पान ठरलेलं असे: 'खरं किती, रचलेलं किती'. दोन रकाने. किल्ला खरा, हवालदार खरा, त्याची शेळी रचलेली. मुलांना फसवायचं नाही, हा त्यांचा धर्म. त्यामुळे तिथल्या मराठी समाजात त्यांच्या शब्दाला मोठं वजन होतं. 'महानंदाअक्कानं लिहिलंय' म्हटलं की वाद मिटायचा.

कावेरी त्यांची एकुलती एक लेक. डावखुरी, टाचा आपटत चालणारी, फ्रॉकच्या खिशात गुळाचा खडा दडवणारी. खिशाला मुंग्या लागायच्या आणि बाई ओरडायच्या. बारा वर्षांपूर्वी, नऊ वर्षांची असताना, ती आजारपणात गेली. तिचे वडील जयसिंगराव सरळमार्गी आणि अबोल. त्यांनी त्या दिवसापासून लेकीचं नावच तोंडातून काढलं नाही. बाईंनी विषय काढला की ते उठून गच्चीवर जायचे. मग बाईंनीही विषय काढणं सोडलं. एका घरात दोघंजण दोन वेगवेगळी दुःखं करत राहिली.

त्याच वर्षी बसवंत हेळवा आला. घराण्यांच्या वंशावळी पिढ्यान्‌पिढ्या जपणारे हे हेळवे. पूर्वी बैलावर बसून यायचे, आता बेळगावच्या बसनं येतात. सुगी संपली की यायचं, घरोघरचं जन्म-मरण वहीत उतरवायचं, आणि सगळे भाऊबंद जमले की मूळ पुरुषापासून नावं गाऊन दाखवायची, ही त्यांची चाल. बाईंनी त्याला कावेरीचं नाव लिहायला सांगितलं. बसवंत खाली बघत म्हणाला, "अक्का, लग्नाआधी आजारात गेलेल्या लेकीचं नाव लिहीत नाहीत. आमच्या अज्जानं कधी लिहिलं नाही, मी कसं लिहू?" माणूस वाईट नव्हता, चाल वाईट होती. बाईंनी त्याला शिधा दिला, पाया पडल्या, आणि दार लावून घेऊन ढसाढसा रडल्या.

मग त्यांनी सगुणेचं पुस्तक लिहिलं. साडेतीनशे वर्षांपूर्वीच्या बंगळुरातली, त्यांच्याच घराण्यातली नऊ वर्षांची मुलगी. किल्ल्याच्या दारावरच्या पहारेकऱ्यांना गूळ देऊन गप्पांत गुंतवते आणि चोळीत दडवलेला निरोप आत पोचवते. डावखुरी. टाचा आपटत चालते. आणि ही सगुणा मरत नाही. ती मोठी होते, तिचं लग्न होतं, पोरंबाळं होतात, केस पिकतात. शेवटच्या प्रकरणात सत्तर वर्षांची सगुणा नातवंडांना ओरडते आणि ती हसतात. तिच्या मरणाबद्दल बाईंनी एक ओळही लिहिली नाही. शेवटचं ते दोन रकान्यांचं पानही लिहिलं नाही. सगुणेला 'रचलेलं'च्या रकान्यात टाकायला त्यांचा हात धजेना. प्रकाशकानं विचारलं तेव्हा म्हणाल्या, "पानं वाढतात हो, राहू दे."

व्हायचं तेच झालं. पान नाही, म्हणजे सगळं खरं! जयसिंगरावांचे चुलतभाऊ उमाकांतअण्णा समाजाचे अध्यक्ष, आणि घराण्याच्या अभिमानानं कायम फुगलेले. त्यांनी पुस्तकातला किल्ल्याचा भाग बसवंतला वाचून दाखवला. एके दिवशी ते पेढे घेऊन घरी आले. "महानंदा, तू आपल्या घराण्याची वीरकन्या शोधून काढलीस! सगुणेचं नाव वहीत चढवलं बघ."

तेव्हाच बाईंनी सांगायला हवं होतं. त्यांनी पेढा हातात घेतला. त्या वर्षी बसवंत आला तेव्हा त्यांनी वही मागून घेतली, नाव शोधलं आणि त्यावरून बोट फिरवलं. दुसऱ्या नावानं का होईना, पोर वहीत आली होती. आपण खोटेपणा करतोय हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. तरी त्या रात्री त्यांना कितीतरी वर्षांनी शांत झोप लागली.

भाऊबंदांच्या यंदाच्या मेळाव्यात सभागृहाच्या दारावर सगुणेचं भलंमोठं चित्र होतं. गोरीपान, डोळे वटारलेली, उजव्या हातात तलवार. चित्रच ते, म्हणून बाईंनी सोडून दिलं. मग बसवंत एकतारी घेऊन बसला आणि नावं गाऊ लागला. सगुणेपाशी आल्यावर त्यानं आवाज चढवला. नवव्या वर्षी किल्ल्याच्या दारात तलवार घेऊन लढली, सात जखमा झाल्या, आईच्या मांडीवर प्राण सोडला. बायकांनी डोळ्यांना पदर लावले. कुणीतरी जयजयकार केला.

"नाही!" महानंदाबाई ताडकन उभ्या राहिल्या. "ती मेली नाही. सत्तर वर्षं जगली ती. नातवंडं झाली तिला!"

उमाकांतअण्णा हसत म्हणाले, "अगं, तेवढं यंदा मीच घालायला सांगितलं. पराक्रम म्हटला की बलिदान नको? म्हातारपणी अंथरुणात मेलेल्या बाईचं गाणं कोण ऐकतंय?"

"तुम्ही कोण तिला मारणारे?"

बसवंतनं एकतारी खाली ठेवली. "अक्का, रागवू नका. ती जगली म्हणता, तर कुठल्या घरात दिली? मुलांची नावं काय? कुठल्या कागदात आहे तेवढं सांगा, मी आत्ता बदलतो."

बाई म्हणाल्या, "कागद नाही. मी रचलीय तिला. सगळीच."

कुजबुज सुरू झाली. "अक्कानं? रचलं?" अण्णांचा चेहरा उतरला. ते जवळ आले आणि हळू आवाजात समजावू लागले, "महानंदा, गप्प बस. कुणाचं काय बिघडतंय? पोरीनं रणात देह ठेवला असं राहू दे, नाव तरी राहील."

बसवंतनं वही उघडून मांडीवर घेतली होती. तो अडचणीत पडला होता, पण त्याच्या कामाला तोही कडक होता. "खरं आहे अक्का. रणात गेली असेल तर लेकीचं नाव राहतं. आणि रचलेली असेल तर मला कापावं लागेल. तुम्ही सांगाल तसं."

मारली तर राहणार. जगवायची तर जाणार. दिवस-रात्र लिहून त्यांनी त्या पोरीला साठ वर्षं जास्त दिली होती, आणि आता पदरात हे पडलं. एकदा डोळ्यांसमोर गेलेलं मूल दरवर्षी एकतारीवर पुन्हा मरताना ऐकायचं, हे त्यांच्याच्यानं होणार नव्हतं.

"काप," त्या म्हणाल्या.

बसवंतनं दोनदा त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. मग पेनानं आडवी रेघ मारली. बाई खाली बसल्या.

"पण अशी कुठली मुलगी मनात धरून लिहिलंस तू?" अण्णा चिडून म्हणाले. "आम्ही तिला सात जखमा देऊन बसलो, आणि तू—"

"जखमा नव्हत्या," मागच्या रांगेतून जयसिंगराव म्हणाले. ते उभे होते आणि समोरच्या खुर्चीची पाठ त्यांनी दोन्ही हातांनी धरली होती. "आमची कावेरी ती. ताप होता तिला, अण्णा. तीन दिवस नुसता ताप. मी म्हटलं, उतरेल. मी म्हटलं, उद्या नेऊ डॉक्टरकडे."