राजाक्काचं जितं कापड

पिरनवाडीच्या मागच्या ऐनाच्या झाडांवर किडे जे कापड विणतात, ते जिवंत असतं. थंडीत ते आपसूक जाड होतं, फाटलं तर स्वतःच सांधून घेतं. पण गावातले लोक धूर करून किडे हाकलायचे आणि कापड ओढून काढायचे. मग थोड्याच दिवसांत ते मरून गोणपाटासारखं व्हायचं.

राजाक्काला हे पटेना. धार काढायच्या आधी गाईच्या पाठीवरून हात फिरवणारी बाई ती. तिनं ठरवलं, यंदा धूर करायचा नाही. रोज सकाळी ती फांदीवर उघडा हात टेकवून बसू लागली.

"अगं, किडं काय माणसं हैत व्हय, वळख ठेवायला?" नवरा गुंडू हसला.

"ठेवत्यात. बघाच तुम्ही."

थंडी सरत आली तेव्हा एके दिवशी किडे आपणहून बाजूला झाले आणि कापड सरकत तिच्या खांद्यावर आलं, वासराच्या कानासारखं ऊबदार. तिनं निम्मंच घेतलं, उरलेलं किड्यांच्या अंड्यांसाठी ठेवलं.

त्याची शाल तिनं गुंडूला दिली. ऊस भरताना ती तारेत अडकून टरकन फाटली. गुंडू ओशाळून घरी आला, पण जेवण होईस्तोवर फाटलेली जागा मिटली होती. त्यानं तिथं बोट फिरवलं, तर शाल शहारली.

"लई जिती हाय गं ही," तो म्हणाला. "शेजारच्यास्नीबी शिकीव."

"शिकीवते की. फकस्त सकाळी लवकर उठाय सांगा त्यास्नी."