भासऱ्याचे पाय

साक्षीदार पिंजऱ्यात आला की मास्तर त्याला काय पाहिलं हे आधी कधीच विचारत नसत. पहिला प्रश्न ठरलेला असे : "उभा कुठं होता?" बुलढाण्याच्या सेशन कोर्टात ते सरकारी वकील होते. वकिलीआधी मलकापूरच्या शाळेत गणित शिकवत, म्हणून शिपायापासून पक्षकारापर्यंत सगळे त्यांना मास्तरच म्हणत. महाराष्ट्र राज्य नुकतंच झालं होतं आणि मी एका दैनिकाला कोर्टाच्या बातम्या पाठवत होतो.

घरातल्या खुनाचा खटला आला की मास्तर ते घर पाहून येत. साक्षीदार जिथे होता म्हणे, तिथे स्वतः उभे राहत. एकदा मयत बाईच्या सख्ख्या भावाने ओट्यावरून सगळं पाहिल्याचं सांगितलं होतं. मास्तर त्या ओट्यावर जाऊन उभे राहिले. तिथून स्वयंपाकघराचं दार दिसतच नव्हतं. त्यांनी आपलाच साक्षीदार गाळला. "त्याचं दुःख खरं आहे," ते मला म्हणाले, "पण त्यानं पाह्यलं काही नाही."

नातेवाईक म्हटलं की साक्ष मोडीत काढणाऱ्यांवर मात्र ते भडकत. "घरातल्या खुनाले साक्षीदार घरचाच राहीन ना बे! शेजारी काय भिंतीतून पाहीन?"

सोनाळ्याकडच्या एका खेड्यातला खटला त्यांच्याकडे आला. थोरल्या सुनेचा भर दुपारी घरात खून झाला होता आणि आरोपी तिचा नवरा होता. तो म्हणे, मी शेतात होतो, घरात चोर शिरला. पाहणारी एकटी धाकटी सून. नवऱ्याच्या थोरल्या भावाला वऱ्हाडात भासरा म्हणतात. भासरा समोर आला की सुनेने पदर नाकापर्यंत ओढायचा आणि नजर खाली ठेवायची. सासूने साक्ष दिली की धाकटी वाटणीसाठी खोटं बोलते. आरोपी सुटला तर त्याच घरात परतणार होता, आणि धाकटीलाही दुसरं घर नव्हतं.

त्यात जमादाराने तिच्या जबानीत 'चेहरा पाहिला' असं आपल्या मनाने लिहून ठेवलेलं. कोर्टात तिने चेहरा पाहिला नसल्याचं सांगितलं. बचावाचे वकील खूश होऊन उठले.

"तोंड पाह्यलं नाही, तर माणूस कसा ओळखला?"

"पाय पाह्यले."

कोर्टात हशा पिकला. "अवो बाई, सगळ्याइचे पाय सारखेच असतात."

"तुमाले सारखे दिसत असन. म्या अकरा वर्सं तेच पाह्यले."

हसू थांबलं. मास्तर उठले आणि पायांची ओळख घ्यावी, असा त्यांनी अर्ज केला. न्यायाधीशांनी जेवणाच्या सुट्टीनंतरची वेळ दिली.

सुट्टीत मी त्यांना विचारलं, "तिची आधी परीक्षा घेतली होती?"

"नाही. पढवलेलं पोरगं पहिल्या प्रश्नाले पास होते अन् दुसऱ्याले नापास."

"आणि चुकली तर?"

"तर खटला गेला," ते म्हणाले. डबा त्यांनी उघडलाच नाही.

दुपारी दोन शिपायांनी एक सतरंजी घोट्यांच्या वर आडवी धरली. तिच्यामागे पाच माणसं अनवाणी उभी राहिली. धाकटी एका टोकाने निघाली, दुसऱ्या टोकाला पोचली, पुन्हा उलटी आली. बचावाचे वकील घड्याळ पाहत होते.

"यात मोठे भाऊजी नाहीत," ती म्हणाली.

"नीट पाहा, बाई," वकील म्हणाले.

"पाह्यलं ना. नाहीत."

आरोपी खरंच त्या रांगेत नव्हता. वकिलांनी न्यायाधीशांच्या परवानगीने त्याला शेजारच्या खोलीत बसवलं होतं. मास्तरांना ते माहीत होतं, तिला नव्हतं. मग आरोपीला आणून रांग बदलण्यात आली. या वेळी ती चौथ्या माणसापाशी थांबली. बोटही दाखवलं नाही. पदर तेवढा पुढे ओढला.

सतरंजी खाली आली. चौथा आरोपीच होता.

निकालाला तीन आठवडे लागले. आरोपीला शिक्षा झाली. साक्षीदार घरची आहे म्हणूनच ती इतक्या खात्रीने ओळखू शकली, असं न्यायाधीशांनी निकालपत्रात लिहिलं. बातमीचा मथळा मी त्याच वाक्यावरून दिला.

बाहेर कडुलिंबाखाली धाकटीचा नवरा बसला होता. प्रत्येक तारखेला तो यायचा आणि आई व बायको दोघींपासून दूर बसायचा. शिक्षा त्याच्या सख्ख्या भावाला झाली होती. ती दाराबाहेर येऊन थबकली. कोणाच्या मागे जावं, तिला कळेना. सासू तिच्याकडे न पाहता पुढे गेली. तो मात्र उठून आला. त्याने तिच्या हातातलं गाठोडं घेतलं.

"चाल. उभी काऊन राह्यली? गाडी सुटंन."

"घरी?"

"हाव. घरीच."

मास्तर त्यांच्या मागे फाटकापर्यंत गेले आणि ती दोघं दिसेनाशी होईपर्यंत तिथेच उभे राहिले. पुढे ते निवृत्त झाले, मलकापूरला गेले, तिथेच वारले. मला आठवतात ते त्या दिवशीचे : अंगावरचा काळा झगा उतरवायचं विसरून तसेच भर बाजारातून घरी निघालेले. भाजीवाल्या बाया हसत होत्या, आणि मास्तर प्रत्येकीला हात जोडून नमस्कार करत होते.