दोन पातींमधली शिळा

माझ्या हातचे ठसे धारच्या दरबारात नावाजले जात. हे मी नाही सांगितलं तर दुसरं कोण सांगणार? कोरीव लेखावर ओला कागद ब्रशनं ठोकून बसवायचा, वाळत आला की वरून शाई फिरवायची. काळ्यावर पांढरी अक्षरं उमटतात. त्याच कामासाठी मला देवासला बोलावलं होतं.

देवासला तेव्हा दोन राजे आणि दोन राज्यं, थोरली पाती आणि धाकटी पाती. एकाच रस्त्याची उजवी बाजू एकाची, डावी दुसऱ्याची. टेकाड खणताना लेखाची शिळा निघाली, ती नेमकी हद्दीवर आडवी. कामावर दोन्ही पातींचा एकेक कारकून होता. दोघे सख्खे चुलतभाऊ, आणि दोघांत अबोला. काही बोलायचं झालं की मला मध्ये घालत.

"धारवाले, त्यांना सांगा, लेख आमच्या हद्दीत सुरू होतो."

"त्यांना सांगा, संपतो आमच्या हद्दीत."

दोघे हातभर अंतरावर उभे. मला हसू येई.

एका सकाळी पाहतो तर हद्दीची दोरी शिळेवरून ताणलेली आणि पाथरवट छिन्नी घेऊन बसलेला. अर्धी अर्धी कापायची, यावर मात्र दोघांचं एकमत झालं होतं. निरोप पाथरवटामार्फतच गेले असावेत. माझं डोकं फिरलं. मी सरळ शिळेवर मांडी घालून बसलो.

"खुशाल कापा," म्हणालो, "पण प्रत्येक ओळ मधोमध तुटेल. दरबारात अर्धी वाक्यं वाचून दाखवायला तुम्ही जा. नाहीतर आहे तिथंच उभी करा."

दोघांनी आपापले मजूर बोलावले. पाथरवटानं छिन्नी पिशवीत टाकली.

दोन्हीकडचे मजूर शिळेला भिडले, पण जोर कुणीच लावेना.

"हाँक कौन देगा, भिया?" एकानं मला विचारलं.

खरंच होतं. एका पातीच्या हाकेवर दुसरी जोर लावणार नव्हती. मी धारचा, दोघांनाही परका. मी छाती भरून हाक दिली आणि दोन राज्यांच्या माणसांनी एका दमात शिळा उभी केली. अर्धी या हद्दीत, अर्धी त्या, एकही अक्षर न दुखावता.

ठसा घेताना वारा सुटला. कागदाचं एक टोक एका भावानं धरलं, दुसरं दुसऱ्यानं.

"जरा वर घे," एक म्हणाला.

"घेतलं," दुसरा म्हणाला.

त्या ठशाचं पुढे पुष्कळ कौतुक झालं. मला अभिमान आहे तो याचा, की हे दोन शब्द माझ्यामार्फत गेले नाहीत.