तारखेची जागा

उल्हासनगरच्या कोर्टात माझी भाडेकरूशी केस चालू होती. तिथे वांगणीचे एक काका नेहमी लवकर येऊन बाकावर बसत आणि शेजारी रुमाल टाकून जागा धरत. कोणासाठी, तर ज्याच्याशी शेताच्या बांधावरून दावा चालू होता त्या, अंबरनाथला राहणाऱ्या धाकट्या भावासाठी! भाऊ यायचा, रुमाल उचलून काकांच्या हातात द्यायचा आणि बसायचा. बोलायचं मात्र कोणीच नाही.

शेवटी लोकअदालतीत तडजोड झाली. दोघांनी सह्या केल्या. भाऊ मागे न बघता निघून गेला.

"सुटलात, काका," मी म्हणालो.

काका रुमालाची घडी घालत राहिले. "सुटलो बाबा. पण तारखेला तरी तो दिसायचा."

माझ्या पुढच्या तारखेला गेलो, तर काका त्याच बाकावर बसले होते. शेजारी रुमाल टाकलेला होता.